महानंदा, त्या ओळी मी काढल्या होत्या

महानंदा,

लातूरला तुझ्या शोकसभेत एका तरुण इंजिनिअरने माझी ओळख करून दिली. 'मॅडमचे गुरू' असं तो म्हणाला, आणि लोकांनी माना वळवून माझ्याकडे आदराने पाहिलं. तुझ्या फोटोला वाहिलेला बेल अजून ताजा होता. फोटोत तू हसत होतीस. ते हसू माझ्या चांगल्या ओळखीचं आहे. समोरचा माणूस थाप मारून राहिला आहे हे कळलं, की तू अशीच हसायचीस.

मी तुझा गुरू नव्हतो. तू लिहिलेल्या संगणकाच्या लायब्ररीला मी पहिल्या दिवसापासून विरोध केला, आणि तिच्यातल्या सगळ्यात मोलाच्या ओळी तुझ्यामागे काढून टाकल्या. ठपका तुझ्यावर आला आणि मी तो येऊ दिला. शोकसभेत मी हे सांगितलं खरं, पण नीट जमलं नाही. माईक मधेच बंद पडला. म्हणून इथे पुन्हा सांगतो. माईक नाही ते बरंच आहे.

तू मला पहिल्यांदा दिसलीस ती भूकंपानंतरच्या त्या दिवसांत. मी नांदेडच्या कॉलेजातला संगणकाचा मास्तर. कॉलेजचे दोन संगणक टेम्पोत घालून मला लातूरला पाठवलं होतं, मदतीच्या सामानाची नोंद ठेवायला. तू उदगीरची, शेवटच्या वर्षाला, स्वयंसेवक म्हणून आलेली. किल्लारीच्या बाजूने फोन यायचे: अमक्या गावाला ताडपत्र्या पाठवा, तमक्या गावाला धान्य. आम्ही नोंद करत असतानाच लाइन तुटायची. पलीकडच्याला वाटायचं, निरोप पोचलाच नाही. तो पुन्हा फोन लावायचा, इकडे दुसराच कोणी उचलायचा, आणि तीच मागणी दुसऱ्यांदा नोंदली जायची. एका गावाला ताडपत्र्यांचे दोन ट्रक गेले आणि शेजारचं गाव पावसात उघडं राहिलं.

मी पोरांवर ओरडत होतो. तू टेबलाच्या कडेवर बसून चुरमुऱ्यांचा सुशीला खात होतीस. घास गिळून म्हणालीस, "सर, आमच्या अप्पाच्या आडतीत असं होत न्हाई."

मला राग आला. माणसं मरून पडली आहेत आणि ही पोरगी आडतीच्या गोष्टी सांगते. पण तू सांगत राहिलीस. तुझे वडील, अप्पा, उदगीरच्या मोंढ्यात, म्हणजे धान्यबाजारात, आडते होते; दलालीवर माल विकायचे. तूर, हरभरा, करडई. हैदराबाद आणि बीदरच्या व्यापाऱ्यांशी ट्रंक कॉलवर सौदे चालायचे, आणि कॉल कधी तुटेल याचा नेम नसायचा. म्हणून अप्पा प्रत्येक सौद्याला एका पाखराचं नाव द्यायचे. फोन लागला की आधी सांगायचे, हा मोर. मग माल, मग भाव. लाइन तुटली तर पुन्हा फोन लावून सौदा सांगायचा नाही. आधी एवढंच विचारायचं, मोर पोचला का? पोचला असेल तर राम राम करून फोन ठेवायचा. नसेल पोचला, तर तोच मोर पुन्हा सोडायचा, नवं पाखरू काढायचं नाही. तू सांगितलंस की एक्सचेंजमधल्या बाईंना बरेच दिवस वाटत होतं, अप्पांचा पाखरं विकायचा धंदा आहे. एकदा त्यांनी बोलक्या पोपटाचा भावही विचारला होता.

दुसऱ्या दिवसापासून किल्लारीचे फोन पाखरांच्या नावाने यायला लागले. साळुंकी पोचली का? पोचली. होला पोचला का? न्हाई पोचला, परत सांगा. ट्रक जिथे जायचे तिथेच जाऊ लागले. ढिगाऱ्यातून आलेली माणसं त्या तंबूत पहिल्यांदा हसलेली मी पाहिली ती त्या पाखरांमुळे. मी मात्र तुला शाबासकी दिली नाही. 'जुगाड बरा आहे' एवढं म्हणालो. ते तू माझ्या तोंडावर कितीदा तरी फेकलंस.

मग काही वर्षांनी लातूरचे क्लासेस गाजायला लागले. बोर्डाच्या परीक्षेत तिथल्या पोरांचे फोटो पेपरात झळकायचे आणि हदगावपासून देगलूरपर्यंतचे आईबाप पोरांना घेऊन निघायचे. ज्या क्लासने नांदेडला शाखा काढली, त्याच्या मालकांना सगळे भाऊ म्हणायचे. भाऊंनी मला कॉलेजातून उचलून संगणक विभाग दिला, आणि मी तुला बोलावून घेतलं. हे एक काम मी शहाणपणाचं केलं.

भाऊंनी लातूरच्या मुख्य कचेरीत मोठी सिस्टीम बसवली होती. कोणत्या तुकडीत किती जागा, कोणाचा प्रवेश झाला, वसतिगृहात खाट कुठे रिकामी, सगळं तिच्यात. नांदेडच्या काउंटरवर साधे संगणक. या साध्या संगणकांवरच्या प्रोग्रॅमने टेलिफोनच्या तारेवरून त्या दूरच्या सिस्टीमशी बोलायचं होतं. माझं म्हणणं होतं, प्रवेशाच्या प्रोग्रॅममध्येच ते बोलणं लिहून टाकू आणि मोकळे होऊ. तुझं म्हणणं होतं, बोलण्याचं काम वेगळं काढू. एक लायब्ररी लिहू, म्हणजे बाकीच्या प्रोग्रॅमांना हाताशी धरता येईल असा तयार प्रोग्रॅम. काउंटरवरच्या प्रोग्रॅमने तिला फक्त सांगायचं, 'या मुलीला प्रवेश दे.' पलीकडची सिस्टीम कोणत्या भाषेत ऐकते, फोन कसा लावायचा, तुटला तर काय करायचं, हे सगळं लायब्ररीने बघायचं. उद्या वसतिगृहाचा प्रोग्रॅम आला, परवा परीक्षेचा आला, तर त्यांनीही तिलाच सांगायचं.

"एका क्लाससाठी एवढा व्याप कशाला?" मी विचारलं.

"सर, तुम्ही प्रत्येक पाहुण्यासाठी नवीन चूल मांडता का?" तू म्हणालीस, आणि माझ्या उत्तराची वाट न बघता कामाला लागलीस.

तू ती लिहिलीस. अप्पांची पाखरं तिच्यात घातलीस. प्रत्येक निरोपाला एक खूण, आणि उत्तर आलं नाही तर पुन्हा पाठवण्याआधी विचारायचं, ही खूण पोचली का? तेवढा वेळ पडद्यावर तुझं वाक्य यायचं: 'पोचलं का ते विचारून राहिले, जरा थांबा.' भाऊंना ते वाक्य अजिबात आवडत नव्हतं. संगणक गावंढळ बोलतो म्हणायचे. तू म्हणालीस, संगणक उदगीरचा आहे.

आपला खरा वाद मात्र वेगळाच होता. मी म्हणायचो, उत्तर आलं नाही म्हणजे निरोप पोचला नाही, सरळ हिशोब आहे. तू म्हणायचीस, "न्हाई सर. उत्तर आलं न्हाई म्हणजे आपल्याला काहीच म्हाईत न्हाई. पोचलं बी असंल." कॅन्टीनमध्ये, जिन्यात, बसस्टँडवर, आपण हा वाद किती वेळा घातला असेल. मला ते शब्दांचे खेळ वाटायचे. मी पंधरा वर्षं संगणक शिकवत होतो, आणि एक आडत्याची मुलगी मला माहीत असणं आणि नसणं यातला फरक सांगत होती. खरं सांगतो, मला ते सोसलं नाही.

जूनमध्ये निकाल लागला आणि रांग रस्त्यापर्यंत गेली. पावसाळ्यात तारा ओल्या होऊन लाइन वरचेवर तुटायची. प्रत्येक वेळी तुझी लायब्ररी थांबायची, फोन जोडायची, विचारायची. पडद्यावर ते वाक्य दिसलं की रांगेतले बाप कुरकुरायचे. त्याच आठवड्यात अप्पांची तब्येत बिघडली म्हणून तू उदगीरला गेलीस. भाऊ माझ्या टेबलाशी आले. म्हणाले, समोरच्या क्लासमध्ये माणूस आत जातो अन् पावती घेऊन बाहेर येतो, आणि आपला संगणक थांबा म्हणतो. तुमची ती उदगीरची पोरगी हुशार आहे की तुम्ही?

मी लायब्ररी उघडली आणि विचारण्याच्या ओळी काढून टाकल्या. उत्तर आलं नाही, की निरोप नवीन म्हणून पुन्हा पाठवायचा. रांग भराभर पुढे सरकली. भाऊंनी सगळ्यांसमोर माझ्या पाठीवर हात ठेवला. त्या हाताचं वजन मला आठवतं, आणि आवडलंही होतं हे कबूल करतो.

व्हायचं ते झालं. लाइन तुटायची तेव्हा पुष्कळदा पलीकडे प्रवेश नोंदला गेलेला असायचा, फक्त उत्तर परत यायचं राहिलेलं. इकडून तोच प्रवेश पुन्हा जायचा. लातूरच्या सिस्टीमला वाटायचं, ही दुसरी मुलगी. नसलेल्या पोरांनी तुकडी भरून गेली. 'जागा शिल्लक नाही' असं पडद्यावर आलं आणि काउंटरवरच्या मुलींनी आईबापांना परत पाठवलं. हदगावहून आलेला एक बाप पोरीची वळकटी डोक्यावर घेऊन उलट्या पावली बसस्टँडकडे गेला. वर्ग सुरू झाले तेव्हा अर्धे बाक रिकामे होते.

तू परत आलीस, ते बाक बघूनच ओळखलंस. लायब्ररी उघडून पाहायला तुला किती वेळ लागणार? त्यानंतर भाऊंनी आपल्या दोघांना बोलावलं. विचारलं, चूक कोणाची? मी तुझ्याकडे पाहिलं नाही. म्हणालो, लायब्ररीत दोष निघाला. एवढंच म्हणालो. खोटंही नव्हतं ते, आणि त्याहून मोठं खोटं मी आयुष्यात बोललो नाही. भाऊ तुला म्हणाले, उद्यापासून येऊ नका.

जिन्यात मी तुला गाठलं. काहीतरी बोलायला लागलो, तू हात वर केलास. "मी आत गप्प बसले ते तुम्ही बोलाल म्हणून. तुमच्या आधी मी बोलले असते तर तुमची इज्जत गेली असती." मग चप्पल घालून म्हणालीस, "आता ती तुमच्याकडंच ठेवा." आणि निघालीस.

महानंदा, इथपर्यंत माझी गोष्ट आहे. इथून पुढे तुझी, आणि ती सांगताना मला अजून चेव येतो.

तू लातूरला औषधांच्या दुकानावर एक खोली घेतलीस. लायब्ररी पुन्हा मुळापासून लिहिलीस आणि तिचं नाव ठेवलंस पारवा. या वेळी तू एक बदल केलास: विचारण्याच्या ओळी कोणालाच काढता येणार नाहीत अशा विणल्यास. काढल्या तर सगळंच बंद. पहिला आला दूध संघ. मग तेलाच्या गिरण्या, खतांचे वितरक, मग साखर कारखाना. गावोगावच्या संकलन केंद्रातला जुनापुराणा संगणक तुझ्या पारव्याच्या जोरावर मुख्य कचेरीच्या सिस्टीमशी शेजाऱ्यासारखा बोलायला लागला.

पुण्याच्या त्या मोठ्या कंपनीतला किस्सा तू मला स्वतः सांगितलास, हातवारे करत. चकचकीत खोली, थंड हवा, आणि इंग्रजीत प्रश्न विचारणारे साहेब. तू मराठीतच उत्तरं दिलीस. त्यातले एक म्हणाले, लाइन तुटली तर? तू वायर त्यांच्या हातात दिलीस. म्हणालीस, साहेब, तुम्हाला वाटंल तवा ओढा. त्यांनी मागणी जातानाच ओढली. परत लावली. पुन्हा ओढली. खेळच झाला त्यांना. शेवटी पलीकडच्या यंत्रावर जाऊन बघितलं तर मागणी एकच, जागच्या जागी. "सर, मग तो साहेब काय म्हणाला म्हाईत हाय का? धिस इज व्हेरी रोबस्ट. मी म्हणलं, हाव, उदगीरचं हाय."

त्या दिवशी तू इतकी हसलीस की शेजारच्या टेबलावरची माणसं वळून बघायला लागली. लातूरला कोणाच्या तरी लग्नात, पंगतीत शेजारी बसून आपण पुन्हा बोलायला लागलो होतो ना, त्यानंतरची ती गोष्ट. त्या पंगतीत मी काहीच विचारलं नव्हतं. तूच माझ्या पानात कडक भाकरीचा तुकडा टाकून म्हणालीस, खा सर, वाळलात.

आणि तेव्हापासून ते सुरू झालं. कोणी विचारलं, ही युक्ती सुचली कशी, की तू माझ्याकडे बोट दाखवायचीस: सरांमुळं. सर नसते तर त्या ओळी इतक्या घट्ट विणल्या नसत्या. लोकांना वाटलं, केवढी गुरुभक्ती. एका पेपरवाल्याने तसं छापलंही. मला माहीत होतं तू काय करत होतीस. तू मला दर वेळी जागा करून देत होतीस, की आता बोला. मी शाल घेतली, नारळ घेतला, आणि बोललो नाही. तुझं ते हसू मला प्रत्येक सत्कारात समोरून दिसायचं.

गेल्या महिन्यात इथेच नांदेडच्या एका दुकानात औषधं आणायला गेलो होतो. काउंटरवरच्या मुलीने बिल केलं आणि पडदा अडकला. तिने वैतागून बटण पुन्हा दाबलं, आणखी एकदा दाबलं. पडद्यावर सुबक अक्षरांत आलं: 'पोचलं का ते विचारून राहिले, जरा थांबा.' मी तिथे उभ्या उभ्या हसलो. मुलगी म्हणाली, काका, काय झालं? मी म्हणालो, काही नाही, ओळखीचं माणूस भेटलं. तुला फोन करून हे सांगायचं ठरवलं. तू आजारी आहेस हे मला ठाऊक नव्हतं. फोन राहिला.

आता मी बोलतो आहे आणि तिकडून काही येत नाही. माझ्या जुन्या हिशोबाने याचा अर्थ सरळ आहे. पण आपल्या त्या वादात तू जिंकलीस, हे मी इथे लिहून देतो. उत्तर आलं नाही म्हणजे मला काहीच माहीत नाही.

शोकसभेत त्या पोराने मला गुरू म्हटल्यावर मी उठलो आणि सांगितलं. ओळी मी काढल्या. दोष लायब्ररीत नव्हता, माझ्यात होता. महानंदाला ज्या चुकीसाठी घरी पाठवलं ती चूक माझी होती. भाऊ पहिल्या रांगेत बसले होते, काठीवर दोन्ही हात ठेवून. आता त्यांनाही ऐकू कमी येतं, पण हे आलं. बसल्या जागेवरून म्हणाले, "मग तेव्हा का सांगितलं नाही?"

मी म्हणालो, "तुम्ही मला काढून टाकलं असतं."

"टाकलंच असतं," भाऊ म्हणाले. मग तुझ्या फोटोकडे बघून म्हणाले, "आणि मग ही क्लासचीच लायब्ररी लिहीत बसली असती. हिला घालवलं अन् तुम्हाला ठेवलं, माझी तर दुहेरी खोट झाली."

लोक हसले. शोकसभेत हसावं की नाही या विचारात आधी थांबले आणि मग मोकळेपणाने हसले. तुला ती सभा आवडली असती.

खाली उतरलो तर तुझी मुलं माझ्याभोवती जमली. मुलं म्हणजे तुझे इंजिनिअर. मला वाटलं, आता ऐकवतील. त्यांना निराळंच पाहिजे होतं. सर, नेमक्या कोणत्या ओळी? मी सांगितल्या. ती एकमेकांकडे बघायला लागली. एक जण म्हणाला, नव्या माणसाला मॅडम पहिल्या दिवशी हाच धडा द्यायच्या. या ओळी काढायला लावायच्या, वायर ओढायला लावायच्या, आणि नसलेल्या पोरांच्या भुतांनी भरलेली तुकडी दाखवायच्या. म्हणायच्या, एका फार हुशार माणसानं हे केलेलं हाय, म्हणून तुम्ही हुशारी करू नका. कोणी, ते मात्र कधी सांगितलं नाही.

मी विचारलं, पुढचा धडा कधी आहे?

काल तो धडा झाला. मी नांदेडहून सकाळच्या एसटीने गेलो आणि तुझ्या जागी उभा राहिलो. नवी मुलं होती, त्यांत एक हदगावची पोरगी. मी ओळी काढल्या, वायर ओढली, तुकडी भुतांनी भरून दाखवली आणि सांगितलं की तो हुशार माणूस मी; हदगावच्या त्या बापाचं आणि माझ्या शालींचंही सांगितलं. बाकीची मुलं वहीत बघायला लागली. हदगावची पोरगी मात्र हात वर करून म्हणाली, "मग मॅडम तुम्हाला काहीच बोलल्या न्हाईत?"

"फार नाही."

"मी असते तर बोलले असते."

"मग बोल की," मी म्हणालो. "मी आलोच आहे त्यासाठी."

आणि ती बोलली, महानंदा. आधी जरा चाचरत, मग न थांबता. तुम्ही आमच्या गावच्या माणसाला परत पाठवलं, तुम्ही बाईची मेहनत बुडवली, अन् वर शाली घेत फिरलात. सगळी खोली ऐकत होती. मी खडू हातात धरून उभा होतो. तिचं झाल्यावर मी म्हणालो, बरोबर आहे. ती खाली बसली, मी फळा पुसला, आणि तुझी लायब्ररी पहिल्या ओळीपासून शिकवायला सुरुवात केली.